दोन पोटात, एक घशात

१

बदकांच्या हंगामाच्या शेवटच्या दिवशी मी ओव्ही सोनिएला पकडायला गेले आणि तो मला मेलेला सापडला.

धुकं इतकं दाट होतं की मला माझ्याच होडीचं नाक दिसत नव्हतं. रक्ताचा वास मला नवा नाही. शिकाऱ्यांवर नजर ठेवायची, त्यांची बदकं मोजायची, बंदुका तपासायच्या हीच माझी सरकारी नोकरी. पण लव्हाळ्यातून येणारा तो वास बदकांचा नव्हता. ओव्हीच्या लपणाशी, बदकांपासून दडून बसायच्या त्याच्या खोपटाशी, पोचले तेव्हा त्याची होडी तिथे तिरकी लागलेली होती. तो मागच्या टोकाला उताणा पडला होता. एका हातात दोर, आणि दोराचं दुसरं टोक लपणाच्या खांबाला अर्धवट गुंडाळलेलं. हनुवटीपासून गळ्यापर्यंत काहीच शिल्लक नव्हतं. डोळे मात्र धड होते. कुणी काहीतरी विचारलं आणि उत्तर देण्याआधीच गोळी लागली, असे डोळे.

अंगात त्याने प्लासिदचा कोट घातला होता. प्लासिद माझा नवरा. तोही ह्याच खात्यात होता, ह्याच पाणथळीत कुणीतरी त्याला गोळी घातली होती. टेक्सासकडून आलेले चोरटे शिकारी त्या दिवशी पळताना दिसले होते, पुढे कुणीच सापडलं नाही. त्याचं प्रेत ओव्हीने शोधलं. स्वतःच्या होडीत घालून, लहान मुलासारखा रडत, त्याने ते आमच्या दारात आणलं. तो कोट मीच त्याला दिला होता.

त्याची पंपाची बंदूक, दर गोळीला खटका मागेपुढे ओढायची तसली, होडीच्या पुढच्या टोकाला, तळाच्या पाण्यात पडली होती. मी तिला हात लावला नाही. शेरीफच्या माणसाला रेडिओवरून बोलावलं आणि खांबांवरच्या शिकारघराकडे निघाले, कारण तिथे माझे सासरे होते.

ओनोरे दुगा, वय झालेलं, गुडघे गेलेले, खात्यातून निवृत्त. ते चुलीपाशी कांदा चिरत होते. डोळे लाल, नाक गळतंय.

"बाबा, ओव्ही गेला," मी म्हटलं.

त्यांनी सुरी ठेवली, छातीवर क्रूस काढला आणि म्हणाले, "अर्लीनला कोण सांगणार?"

कसा गेला, हे त्यांनी विचारलं नाही. तेव्हा ते माझ्या लक्षात आलं नाही.

२

दुपारपर्यंत शेरीफच्या माणसाने, ट्रॉस्क्लेरने, खुनी पकडलासुद्धा. ओव्हीचा धाकटा भाऊ कर्ली.

"सरळ आहे," ट्रॉस्क्लेर म्हणाला. बंदूक टेबलावर होती, आणि तो सॉसेज खात होता. "आदल्या संध्याकाळी शिकारघराच्या अंगणात दोघांची जुंपली. कर्लीने ओव्हीचे दोन दात पाडले. 'उद्या तोंड उघडलं नाहीस तर जीव घेईन' असं ओरडला, चार जणांनी ऐकलंय. कर्लीच्या शर्टावर ओव्हीचं रक्त. बांधावरून लपणापर्यंत चालत जाता येतं. अजून काय पाहिजे?"

"भांडण कशावरून?"

"सांगत नाही. तोंड शिवलंय लेकाने."

"अपघात नसेल? बंदूक ओढताना उडाली?"

"डॉक्टर म्हणाला, कातडीवर जळल्याची खूण नाही. तीन-चार पावलांवरून मारलंय. त्याच्याच बंदुकीने." त्याने बोटं पुसली. "आणि गंमत सांगू? बंदुकीच्या घशात, झाडायच्या जागी, एक उडालेली पुंगळी, खाली पोटात दोन भरलेली काडतुसं. एकूण तीन! ओव्ही सोनिए जन्मात पहिल्यांदा कायद्याने वागला, आणि त्याच दिवशी मेला."

तो खो खो हसला. मी बंदूक पुढे ओढली.

पाणपक्ष्यांवर गोळी झाडायची तर बंदुकीत तीनपेक्षा जास्त काडतुसं मावता कामा नयेत, असा नियम आहे. पंपाच्या बंदुकीत खरं तर पाच मावतात. म्हणून खालच्या नळीत लाकडाची खुंटी घालतात, की दोनच्या वर पोटात जाऊच नयेत. ओव्हीने ती खुंटी कधी घातली नाही. त्यासाठी मी त्याला तीनदा दंड केला होता, आणि चौथ्यांदा करायला त्या सकाळी निघाले होते.

"ही खोलून बघितलीस?" मी विचारलं.

"कशाला? तीनच होती की. म्हणजे खुंटी असणारच."

मी खालच्या नळीचं टोपण फिरवलं. आतली स्प्रिंग टणकन उडून ट्रॉस्क्लेरच्या सॉसेजवर पडली. मी नळी उलटी करून टेबलावर आपटली.

आत खुंटी नव्हती.

३

"मग काय झालं?" ट्रॉस्क्लेर चिडला. "आधी दोन झाडली असतील."

"गोळी एकच ऐकू आली, सगळे तेच सांगतात. होडीत, लपणात, पाण्यावर एकही पुंगळी नव्हती. त्या पुंगळ्या तरंगतात. बदक मेलेलं नाही, दोरसुद्धा पुरता बांधलेला नाही. ह्या बंदुकीत पहिल्यापासून तीनच होती, ट्रॉस्क्लेर. पाच मावत असताना कुणीतरी तीन भरून थांबलं."

"ओव्हीच थांबला असेल."

"ओव्ही? बाप्तिस्म्याला पाणी तीनदा ओततात, तिथेही तो तीनवर थांबला नसता."

त्याने खांदे उडवले. सोमवारी कर्लीला न्यायाधीशापुढे उभं करणार होते. आमच्या राज्यात खुनाला जन्मठेप नाहीतर विषाची सुई. कर्ली दारुडा होता, बोलायला आडदांड होता, पण प्लासिदच्या दफनाला कबर खणायला तोच सगळ्यांच्या आधी आला होता. आणि आत कोठडीत ओव्हीचे दोन दोस्त आधीपासून होते. त्यांनी कर्लीला कसं वागवलं असेल ते मला न बघता कळत होतं.

दुसऱ्या दिवशी मी ओव्हीच्या घरी गेले. त्याची बायको अर्लीन स्वयंपाकघरात भांडी घासत होती. रडलेली दिसत नव्हती.

"मारायचा तो मला," तिने स्वतःहूनच सांगितलं. "लिहून घे हवं तर. मी सकाळी इथेच होते, साक्षीदार कुणी नाही. तेही लिही."

"लिहायला आले नाही गं. एकच विचारते. त्याची बंदूक कोण भरायचं?"

"होडीत जो पुढे बसेल तो. माहीतच आहे तुला, मागचा होडी लावतो, दोर बांधतो, पुढचा दोघांच्या बंदुका भरतो. होडी चालताना भरलेली बंदूक ठेवायची नाही, एवढं तरी त्याला कळत होतं." तिने एक पातेलं जोरात आपटलं. "लग्नाच्या पहिल्या वर्षी मी बसायचे पुढे. एकदा थंडीने बोटं आखडली, चारच घातली. होडीतच कानशिलात ठेवून दिली माझ्या. म्हणाला, बाई, पाच म्हणजे पाच. अजून त्या कानाला नीट ऐकू येत नाही."

"परत कधी भरलीस?"

"भरली की. मरेपर्यंत पाचच भरली असती."

म्हणजे त्या सकाळी होडीत दुसरं कुणीतरी पुढे बसलं होतं. ओव्हीने त्याला स्वतः बसवून नेलं होतं, आणि त्याच्याकडे पाठ करून तो निवांत दोर बांधत होता.

शेजारच्या पाणथळीचा भाडेकरू ह्यूस्टनचा हॅकेट. तेलाच्या धंद्यातला माणूस. खऱ्या बदकांना भुलवायला पाण्यात सोडलेली त्याची लाकडी बदकं ओव्हीने गोळ्यांनी फोडली होती आणि ह्याने ओव्हीच्या कुत्र्याला गोळी घालायची धमकी दिली होती. मी त्याच्या व्हरांड्यात गेले तेव्हा तो कॉफी पीत होता.

"मॅडम, मी त्या गुंडाच्या होडीत पाय ठेवीन?" तो म्हणाला. "मला एक गोळी ऐकू आली. मला वाटलं, सुदैवाने त्याचा नेम चुकला."

मी माझी पंपाची बंदूक त्याच्या हातात दिली, रिकामी, आणि एक काडतूस. "भरून दाखवा."

त्याने बंदूक उलटसुलट केली. गुडघ्यावर ठेवून मधूनच मोडायचा प्रयत्न केला, जशी त्याची ती महागडी दुनळी मोडते. काडतूस कुठून घालायचं तेच त्याला सापडेना. शेवटी त्याने ते नळीच्या तोंडातून आत सोडलं आणि विजयी मुद्रेने माझ्याकडे बघितलं.

मी माझी बंदूक परत घेतली, उलटी करून काडतूस बाहेर काढलं आणि निघाले.

४

तिसऱ्या दिवशी कोठडीत गेले तेव्हा कर्लीचा एक डोळा पुरता बंद झाला होता. ओठ फाटलेला. तो हसला तेव्हा त्यातून रक्त आलं.

"बस वहिनी. खुर्ची नाही, पण बस."

"कुणी मारलं?"

"पडलो."

"किती वेळा?"

"मोजलं नाही. मोजायचं काम तुमच्या खात्याचं."

"तू पुढे बसला होतास का त्याच्या होडीत?"

"मी? मी शिकारघराच्या मागे ओकत पडलो होतो. आणि मी बसलो असतो तर पाच भरली असती ना! आमच्या घरात तीनला अर्धी बंदूक म्हणतात. आमचा म्हातारा म्हणायचा, तीन भरणारा माणूस एक तर पाद्री असतो नाहीतर सरकारी." तो थांबला. ते शेवटचं त्याच्या तोंडून सहज गेलं होतं आणि त्यालाही ते खटकलं असावं.

मी विचारलं, "भांडण कशावरून झालं, कर्ली? ते सांगितलंस तर कदाचित सुटशील."

"घरचं होतं."

"त्यासाठी सुई टोचून घेणार?"

त्याने त्या एका डोळ्याने माझ्याकडे बघितलं. मग तोंड भिंतीकडे फिरवलं. "जा वहिनी. तुला बघून मला बरं वाटत नाही."

बाहेर येऊन मी गाडीत बसले आणि किल्ली लावली नाही. तीन भरणारा माणूस. पाद्री नाहीतर सरकारी.

नवा शिकारी खुंटीवर विसंबून असतो. काडतूस पुढे जात नाही तेव्हा तो थांबतो. ह्या बंदुकीत खुंटी नव्हती. चौथं सहज गेलं असतं. बोटं स्वतःहून थांबली होती. अशी बोटं एका दिवसात तयार होत नाहीत, त्याला जन्म जावा लागतो. ह्या पाणथळीत अशी माणसं फार नाहीत. एक प्लासिद होता. एक मी आहे. आणि आम्हा दोघांनाही ज्याने शिकवलं तो माणूस. "दोन पोटात, एक घशात, मग हात खिशात," असं म्हणून जो चुकणाऱ्याच्या बोटांवर काडतूस मारायचा.

पण बाबा? प्लासिद गेल्यापासून त्यांनी ओव्हीला पोटच्या पोरासारखं धरलं होतं. त्याच्यासाठी ते गम्बोचा रस्सा रांधायचे. त्याच्या चोरटेपणावर मी चिडले तर मलाच ओरडायचे. त्यांना ओव्हीला मारायचं कारणच नव्हतं, आणि त्याच धाग्याला धरून मी स्वतःला समजावत राहिले. त्यांनी बंदूक हातात घेऊन पाच काडतुसं भरून दाखवावीत, म्हणजे माझा जीव एकदाचा भांड्यात पडेल, एवढंच मला हवं होतं.

म्हणून मी खरी काडतुसं घेतली. खोटी घ्यायचं माझ्या मनातही आलं नाही.

५

बाबा घरच्या अंगणात बदक सोलत बसले होते. पिसं पायाशी, सूर्य डोक्यावर. मी माझ्या बंदुकीची खुंटी काढून टाकली होती. ती बंदूक आणि मूठभर काडतुसं त्यांच्यापुढे ठेवली.

"हिचं भरणं अडकतंय, बाबा. खुंटी काढलीय. पूर्ण भरून बघता का?"

त्यांनी हात पँटला पुसले. बंदूक मांडीवर घेतली. बोटं सराईत होती, बघायची गरजच नाही. एक घशात. खटका पुढे. एक पोटात. दुसरं पोटात. मग हात बाजूला.

"चांगली चालतेय की," ते म्हणाले.

"पूर्ण म्हटलं मी, बाबा."

"भरली ना."

"अजून दोन मावतात," मी म्हटलं. "घाला ना बाबा. घाला."

त्यांनी खाली उरलेल्या काडतुसांकडे बघितलं, मग स्वतःच्या अंगठ्याकडे. त्यांना कळलं. मला जे कळायला नको होतं ते त्यांना माझ्या तोंडावर दिसलं.

"त्याने सांगितलं होतं, पाच घाल," ते हळू म्हणाले. "दोर बांधत होता. मी पुढे बसून त्याची भरत होतो. तीन घालून थांबलो. म्हणाला, घाल की पपा पाच, ह्या धुक्यात कोण मोजायला बसलंय? मी म्हटलं, माझी सून मोजते लेका. हसला. सकाळीच दोन घोट मारलेले. म्हणाला, मोजणारे तीन मोजतात आणि उठून उभे राहतात. प्लासिद उभा राहिला तसा."

अंगणात कोंबड्या खुडबुडत होत्या. माझ्या कानांत दुसरं काही शिरेना.

"बोलला आणि त्याचं त्यालाच कळलं," बाबा म्हणाले. "दोर तसाच हातात. वळला माझ्याकडे. म्हणायला लागला, पपा, मुद्दाम नाही, लव्हाळं हललं म्हणून. मी एकच विचारलं. कितवी गोळी?"

"बाबा…"

"चौथी म्हणाला."

प्लासिद लव्हाळ्यात दडून ओव्हीच्या गोळ्या मोजत होता. तीन झाल्या. बापाने शिकवलं होतं की तीननंतर बंदूक रिकामी, मग हात वर करायला लावायचे. तो उठला. आणि ओव्हीने त्याला मारून, त्यालाच होडीत घालून, रडत आमच्या दारात आणलं होतं. मी त्याला कॉफी दिली होती. कोट दिला होता. मला वाटलं, ओव्ही आत्ता समोर असता तर मी पाचही भरली असती.

"मी बांधावरून परत आलो," बाबा म्हणाले. "कांदा चिरायला घेतला. कर्लीला धरलं तेव्हापासून रोज सकाळी ठरवायचो, जाऊन सांगू. रोज चूल पेटवून बसायचो. मग वाटायचं, त्याच रक्ताचा आहे तोही. राहू दे आत. तुलाही तेच वाटतंय ना आत्ता, पोरी?"

वाटत होतं. खोटं कशाला बोलू, एक क्षण मला तेच वाटलं. मी गप्प राहिले असते तर जगात कुणालाही कळलं नसतं. मग मला कर्लीचा तो बंद डोळा आठवला.

"उठा बाबा. जाऊ या."

त्यांनी मान हलवली आणि बंदुकीची नळी स्वतःच्या हनुवटीखाली लावली.

मी झेप घेतली. दोन्ही हातांनी नळी धरून वर ढकलली आणि ती माझ्या कानाशी उडाली. छपराचा पत्रा फाटला. नळीच्या तोंडाशी धरलेला तळवा आगीने भाजून निघाला. म्हातारा चिवट होता. त्याने मला कोपर मारलं, मी त्याला पिसांत पाडलं, छातीवर गुडघा ठेवला आणि ज्या माणसाने मला बंदूक धरायला शिकवलं त्याच्या हातून ती हिसकून घेतली. खटका ओढून पुंगळी आणि उरलेली दोन्ही काडतुसं बाहेर फेकली. मग त्याच्या मनगटांना बेड्या घातल्या. आम्ही दोघंही धापा टाकत होतो आणि दोघंही रडत होतो.

६

ट्रॉस्क्लेरने कर्लीला कोठडीतून बाहेर आणलं. बाबा बाकावर बसले होते, केसांत अजून पिसं.

"तुझ्या भावाला मी मारलं," बाबा उठून म्हणाले.

कर्ली दोन पावलं पुढे आला. मग त्याने एकच ठोसा दिला, सगळ्या अंगाचा. बाबा बाकावरून खाली फरशीवर कोसळले, तोंडातून रक्त आलं. ट्रॉस्क्लेर पुढे धावला. मी त्याला अडवलं. एका ठोशाचा कर्लीला हक्क होता.

"अजून मार," बाबा खालून म्हणाले. "पण तुला ठाऊक नाही त्याने काय केलं होतं ते."

"ठाऊक आहे," कर्ली म्हणाला.

मी त्याच्याकडे बघितलं.

"आदल्या संध्याकाळी त्याने मला सांगितलं, पिऊन, रडत. मी म्हटलं, उद्या वहिनीपुढे तोंड उघड. नाही म्हणाला. म्हणून दात पाडले त्याचे."

"आणि इथे गप्प बसलास?" मी विचारलं. "मार खात?"

"मेलेल्या भावावर काय घालू वहिनी? अर्लीनला त्याच गावात राहायचंय. आणि तुला कोणत्या तोंडाने सांगू?" तो खाली वाकला, बाबांच्या तोंडाजवळ. ओरडला नाही. "एक सकाळ थांबायचं होतं, म्हातारबा. शिकार आटोपून तो आला असता, की त्याची मानगूट धरून मी त्याला वहिनीच्या दारात आणून उभा करणार होतो."

बाबांनी तोंड फरशीकडे फिरवलं. ते उठायचा प्रयत्नही करेनात. मला त्यांचा राग यायला हवा होता आणि येत नव्हता. ज्याचा यायला हवा तो मेला होता, आणि ज्याला मी क्षणभर सुईकडे ढकलायला निघाले होते तो माझ्यापुढे फाटक्या ओठाने उभा होता.

"कर्ली, मला माफ कर," मी म्हटलं. त्याने मान हलवली, पण हो की नाही ते मला समजलं नाही.

मी फरशीवर बाबांच्या शेजारी बसले, भाजलेल्या हाताने त्यांचं तोंड पुसलं आणि ट्रॉस्क्लेरला म्हटलं, कर्लीला आधी डॉक्टरकडे ने, मग घरी सोड.